मास्तरांचा जिल्हा

अण्णा, अप्पच्चनांनी तो सिनेमा अजून अर्ध्यावरच ठेवलाय.

आम्ही गावाहून इथे आयर्लंडमधे, कॉर्कला परतलो त्याच्या दुसऱ्या दिवशी ते आले. शेजारच्या जिन्सीचे वडील, हसल्याशिवाय ज्यांचं एक वाक्य पुरं होत नाही, ते दारात नुसते उभे राहिले. मी कोट घेतला, खुर्ची दिली, चहा ठेवला. कप हातात आल्यावर म्हणाले, "माशे आणि मी इंटरव्हलपर्यंत आलो होतो. मग त्यांच्या गावात लाइट गेली. माशे म्हणाले, उद्या बघू."

माशे म्हणजे मास्तर, म्हणजे तुम्ही. तुम्ही मालवणजवळच्या आपल्या घरात, ते इथे आमच्या शेजारी, दोघांच्या समोर एकच मल्याळम सिनेमा आणि कानाला फोन. हा तुमचा उद्योग आम्हाला ठाऊक होता. लाइट गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी तुम्ही पेजेबरोबर सुकट खाल्लीत, अंगणातल्या खळ्याकडच्या आरामखुर्चीत टेकलात आणि उठला नाहीत. पिकल्या वयात, कुणाला त्रास न देता. लोक म्हणाले, पुण्यवान माणूस. मला वाटलं, घाईच केलीत. निदान तो सिनेमा तरी पुरा करायचात.

"तुम्ही एकटे बघून टाका ना," मी अप्पच्चनांना म्हटलं.

"नको, मला पुढचं कळून काय करायचंय?" ते म्हणाले. "कथा मी आणि माशे, दोघांनी आपापली ठरवलीय. त्यांची जास्त चांगली आहे."

मग मात्र ते हसले. मीही हसले. तुमच्या जाण्यानंतर या घरात आलेलं ते पहिलं हसू.

अण्णा, तुम्ही पहिल्यांदा इथे आलात तो माई गेल्यानंतरचा उन्हाळा. समीर रिंगास्किडीच्या औषध कारखान्यात, मी हॉस्पिटलमधे, आणि तुम्ही दिवसभर खिडकीशी. मी पुण्याची सून. तुमच्याशी काय बोलावं हे मला लग्नानंतर इतकी वर्षं कळलं नव्हतं, तेव्हा तर मुळीच कळेना. "अण्णा, बरं वाटतंय ना?" विचारलं की तुमचं उत्तर यायचं, "उत्तम आहे." उत्तम! शाळेच्या प्रगतिपुस्तकातला शेरा.

ईरा तेव्हा पहिलीतली. आपली मुलं इथे मराठी समजतात आणि उत्तरं देतात ती कॉर्कच्या हेलातल्या इंग्रजीत. तुमच्यासाठी म्हणून ती बिचारी धडपडून मराठी बोलायची. "आजोबा, माझा बाहुली पडला." तुम्ही चष्म्यावरून बघून म्हणायचात, "माझी बाहुली पडली. म्हण बरं." ती म्हणायची. पुढच्या वाक्याला पुन्हा तेच. हळूहळू ती तुमच्यासमोर मराठी बोलेनाशी झाली, आणि थोड्या दिवसांनी तुमच्यासमोर येईनाशी. एकदा तुम्ही साखर मागितलीत, तर तिने आतूनच ओरडून सांगितलं, "इट्स इन द प्रेस!" इथे कपाटाला प्रेस म्हणतात हे तुम्हाला कुणी सांगितलंच नव्हतं. तुम्ही इस्त्रीच्या टेबलापाशी साखर शोधत उभे. आज आठवलं की हसू येतं. त्या दिवशी तुम्ही तशीच बिनसाखरेची कॉफी प्यायलात आणि समीरला म्हणालात, "माझं तिकीट अलीकडचं करून घे."

समीरने मला स्वयंपाकघरात येऊन सांगितलं तेव्हा त्याचा चेहरा मला बघवला नाही. आईची करता आली नाही तशी वडिलांचीही सोबत आपल्याला करता येत नाही, असं काहीतरी त्यात होतं.

तिकीट बदललं गेलं नाही याचं कारण जिन्सी. ती माझ्याच वॉर्डातली नर्स. मी तिच्याजवळ मन मोकळं केलं, तर ती म्हणाली, "माझे वडीलही दिवसभर एकटेच टीव्ही बघतात. रविवारी पाठव त्यांना. फिश करी आहे."

तुम्ही निघालात ते इस्त्रीचा शर्ट घालून, परीक्षेला पर्यवेक्षक म्हणून निघाल्यासारखे. मी सोबत आले होते, म्हणून पुढचं सगळं मी डोळ्यांनी पाहिलंय. अप्पच्चनांनी इंग्रजीत विचारलं, "तुम्ही काय करत होता?" "हेडमास्तर," तुम्ही म्हणालात. "अरे, माशे!" ते म्हणाले, आणि तुमचं तिथे बारसं झालं. मग पानात बांगडा आला. पहिल्या घासाला तुम्ही थांबलात. "हे आंबट कशाचं?" त्यांनी आत जाऊन काळी वाळलेली साल आणून तुमच्या तळहातावर ठेवली. तुम्ही वास घेतलात. "ही आमच्या सोलांची बहीण दिसते," असं म्हणालात. इथे आल्यापासून, काही मागायचं किंवा सुधारायचं नसताना, तुम्ही आपणहून बोललेलं ते पहिलं वाक्य होतं. अप्पच्चनांना सोलं म्हणजे कोकम हे कळायला वेळ लागला, पण बहीण कळली.

मग सिनेमा लावला. गोष्ट छोटीशीच होती. फणसाचं झाड शेजाऱ्याच्या कौलांवर झुकलंय आणि दोन घरं त्यावरून भांडताहेत. खाली इंग्रजीत अक्षरं. तुम्ही ताठ बसून वाचत होतात. थोड्या वेळाने बघते तो तुम्ही वाचणं सोडलेलं. तुम्ही विहीर बघत होतात. कुंपणाचा चिऱ्याचा गडगा, आडाळ्यावर खोबरं खवणारी बाई, दारात सुकत टाकलेली सुपारी. पडद्यावरची म्हातारी कमरेवर हात ठेवून गड्याला ओरडली तेव्हा तुमचे ओठ हलले. ती काय म्हणाली असणार, हे तुम्हाला अक्षरांआधी कळलं होतं.

एका वाक्याला अप्पच्चन आणि जिन्सी पोट धरून हसले. खाली अक्षरं होती, "आता काय करायचं?" यात हसण्यासारखं काय, ते तुम्ही विचारलंत.

"वाक्यात काही नाही, माशे. तो बोलतो कसा ते! हे आमच्या त्रिशूरचं मल्याळम. माझ्या गावचं. कोट्टायमचा माणूस असं बोलणार नाही."

"पण सिनेमात तो असं बोलतो?"

"मग? त्रिशूरचा आहे, तर कसं बोलणार?"

"आणि हा नायक आहे?"

"हीरो," अप्पच्चन म्हणाले. त्यांना तुमचा प्रश्नच कळला नव्हता.

परत येताना म्हणालात, "आमच्या दशावतारात राजा पुस्तकातलं बोलतो. मालवणी बोलतो तो हसवणारा. यांच्याकडे राजाच गावचा." मी जे उत्तर दिलं त्यातून आपला वाद सुरू झाला, तो तुम्ही असेपर्यंत संपला नाही. मी म्हटलं, "पण अण्णा, प्रमाण भाषा नसेल तर लोकांनी एकमेकांशी बोलायचं कसं? ईराने पुस्तकं वाचायची कशी?" ज्या माणसाने हयातभर गावच्या पोरांचं ‘माका’ खोडून ‘मला’ करवून घेतलं, त्याला मी पुणेकरीण हे सांगत होते. आणि तुम्ही म्हणालात, "तेच मी सांगत आलो. आता वाटतं, खोडायचं कारण नव्हतं. शेजारी लिहायला हवं होतं."

शेजारी म्हणजे कुठे, किती, कोणत्या इयत्तेपासून, हे मी तुम्हाला विचारतच राहिले. फोनवरसुद्धा. पंधरा मिनिटं वाद झाला की तुम्ही म्हणायचात, "तुझा मुद्दा बिनतोड आहे, पण मला पटलेला नाही." मला अजूनही वाटतं, अण्णा, की मुद्दा माझाच बरोबर होता. पण आता तो जिंकून करू काय?

तिकीट बदलायचं तुम्ही पुन्हा बोलला नाहीत. दर रविवारी शेजारी. एकदा शहरातल्या थिएटरात मल्याळम सिनेमा लागला, सकाळचा एकच खेळ. तुम्ही समीरचं जाकीट घालून बसने गेलात. मी आणि ईराही होतो. थिएटरभर नर्सा, त्यांचे नवरे, मुलं, पिशव्यांतून केळ्याचे वेफर्स. नायक पडद्यावर आला तसा टाळ्यांचा कडकडाट झाला. दारातला आयरिश पोरगा डोकावून बघून गेला. त्या सिनेमात एक आजी नातवाला भरवताना काहीबाही बडबडते, आणि त्याची खालच्या अक्षरांत नुसती ‘बडबड’ एवढीच नोंद होती. सगळं थिएटर त्या बडबडीला ओठांनी साथ देत होतं. मी तुमच्याकडे पाहिलं. तुम्ही ईराकडे बघत होतात.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ड्यूटीला निघायच्या घाईत होते. ईरा जिन्यावरून खाली आली आणि तुम्ही खुर्चीतून म्हणालात, "च्या घेतंस काय गो बाय?"

ती थांबली. हे मराठी नव्हतं, म्हणजे तिला येत असलेलं नव्हतं. इंग्रजी तर नव्हतंच. तुमचा आवाजही वेगळा होता, सैल, खालच्या पट्टीतला. तो आवाज मी लग्नानंतर गावी ऐकला होता, पडवीतून आत येताना, तुम्ही आणि माई स्वयंपाकघरात असताना. आमची चाहूल लागली की तुम्ही बदलायचात.

"व्हॉट?" ईरा म्हणाली.

"च्या. होया काय नको?"

"नको," ती म्हणाली. मग जरा थांबून, तुमच्याच चालीत, "दूध होया."

तुम्ही उठून दूध तापवलंत. त्यापुढचे दिवस मी विसरणार नाही. ईरा शाळेतून आली की "खंय गेल्लंस?" आणि ती दप्तर टाकून "शाळेत!" तुम्ही तिची एकही चूक काढली नाहीत. मालवणीत चूक काय असते तेच तिला माहीत नव्हतं, आणि तुम्ही सांगणार नव्हता. एकदा ती पडली, गुडघा सोलवटला. तुम्ही धावलात. "काय झाला? दुखता?" ती डोळे पुसत म्हणाली, "नाय. माका ग्रँड आसा."

इथले लोक दिवसातून शंभरदा म्हणतात ते ग्रँड. ठीक आहे, मजेत आहे, काळजी नको, सगळं त्यात येतं. मी मनात म्हटलं, आता हेडमास्तर जागे होणार. तुम्ही तिला उचलून घेतलंत आणि समीरला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने म्हणालात, "शाबास! वाक्य बरोबर आसा!"

समीर वर्तमानपत्राआड होता. तो हसला नाही. त्याला ती भाषा माईंकडून समजायची, पण बोलायची परवानगी तुम्ही लहानपणीच काढून घेतली होती. तुमच्याशी तो कायम शुद्धच बोलला, शेवटच्या फोनपर्यंत. हा एक धागा तुमचा सुटा राहिला. तुम्हालाही ते कळत होतं, नाही का? नातीशी बोलताना तुम्ही अधूनमधून त्याच्याकडे बघायचात, दार किलकिलं ठेवून बसल्यासारखे.

त्यानंतर तुम्ही दर उन्हाळ्यात येत राहिलात. आणि मग गेल्या वर्षीचा ओणम. जिन्सीच्या नवऱ्याने ओणमच्या कार्यक्रमासाठी फोनवर छोटासा सिनेमा करायचं ठरवलं. दोन म्हातारे, दोन देशांतले म्हणा, दोन भाषांचे म्हणा, आयर्लंडमधे एका कुंपणाच्या दोन बाजूंना. एक अप्पच्चन. दुसरं काम तुमच्या गळ्यात. तुम्हाला मल्याळम संवाद लिहून दिले, तेव्हा तुम्ही कागद परत केलात. "मी माझं बोलेन. तुम्ही खाली अक्षरं घाला."

शूटिंग आमच्याच परसात झालं. एका प्रसंगात तुम्ही खुर्चीवर बसून समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे बघायचं, एवढंच होतं. संवाद नव्हता. जिन्सीच्या नवऱ्याने खूण केली, तुम्ही बसलात, पाहिलंत, आणि बोलायला लागलात.

"अगो, तू गेलंस आणि माज्यावांगडा बोलूक हय कोण नाय गो. पोरां शुद्ध बोलतत. मीच शिकवलंय तेंका."

मग अगदी सहज, जेवायला वाढ म्हटल्यासारखं, "पण चेडू बोलता. तुज्यासारख्याच बोलता."

चेडू म्हणजे पोर, आपली ईरा. मी दाराआड कपड्यांची टोपली घेऊन उभी होते. माई गेल्या तेव्हा तुम्ही रडला नव्हता, म्हणून नातेवाइकांत कुजबुज झाली होती. मला त्या क्षणी कळलं, की खिडकीशी बसायचात तेव्हा तुमच्या घरातलं माणूस तर गेलंच होतं, पण एक अख्खी भाषाही बंद पडली होती. तुम्ही ती जन्मभर एकाच माणसाशी बोललात. मी टोपली तशीच घेऊन आत गेले. तुम्हाला काही बोलले नाही. हे आज सांगते. तुमच्या त्या चार-पाच वाक्यांनंतर मला सासऱ्यांशी काय बोलावं, हा प्रश्न कधी पडला नाही.

कार्यक्रमाला चर्चचा हॉल भरला होता. केळीच्या पानांवर सद्या, म्हणजे ओणमची पंगत, झाली, फुलांची रांगोळी झाली आणि पडद्यावर तुम्ही आलात. लोक हसले ते अक्षरं यायच्या आधी, तुमच्या बोलण्याला. मागच्या रांगेतल्या एका बाईने अप्पच्चनांना विचारलं, "हे माशे कोणत्या जिल्ह्याचे? कासरगोडचे का? तिकडचं मल्याळम मला कळतच नाही."

अप्पच्चनांनी ते भाषांतर करून तुम्हाला सांगितलं, कासरगोड म्हणजे केरळचं उत्तर टोक हेही सांगितलं. तुम्ही इतके हसलात की चष्मा काढावा लागला. घरी येईपर्यंत बसमधे पुन्हा पुन्हा, "कासरगोड! म्हणजे आमचाही एक जिल्हा धरला त्यांनी." त्यानंतर फोनवर कुणी "कोण बोलतंय?" विचारलं की तुम्ही सांगायचात, "कासरगोडचे मास्तर."

ते तुमचं इथलं शेवटचं वर्ष, हे कुणाला माहीत होतं?

आता गावची हकीकत सांगते. तुम्हाला कुणीतरी सांगायला हवीच.

तेराव्याला तुमचे विद्यार्थी आले. टेंपोवाले, ट्रॉलरवाले, दोन डॉक्टर, तालुक्याचे सभापती. खळ्यात खुर्च्या मांडल्या होत्या. एकेक जण उभा राहून शुद्ध मराठीत बोलला. तुमच्या फोटोसमोर ‘माका’ म्हणायची कुणाची हिंमत नव्हती. एक पन्नाशीचा गृहस्थ ‘आदरांजली’ला अडखळला आणि सवयीने फोटोकडे बघून ओशाळला. समीरला बोलायला सांगितलं. त्याने नीट तयारी केली होती. उभा राहिला, खिशातला कागद उघडला, पुन्हा त्याची घडी केली. तो तसाच खाली बसला.

तेव्हा ईरा उठली. तिला कुणी सांगितलं नव्हतं. दहा वर्षांची पोर, पायात कॉर्कचे बूट, सगळ्या गावासमोर. मी हात धरायला गेले, तर तिने सोडवून घेतला.

"माजो आजो मास्तर होतो," ती म्हणाली. "तो सगळ्यांच्यो चुको काढी. माज्यो पण मराठीत खूप काढल्यान. पण मालवणीत माजी एक पण चूक काढूक नाय."

वाक्याच्या शेवटी तिचा आवाज वर चढत होता, इथल्या पोरांचा चढतो तसा. तुमच्या गावाने आपली बोली अशा हेलात कधी ऐकली नव्हती. आधी कुणीतरी फिसकन हसलं. मग सगळं खळं हसलं, अण्णा, टेंपोवाले, डॉक्टर, सभापती, सगळे, आणि हसता हसताच पदर आणि रुमाल डोळ्यांना लागले. लोक एकमेकांशी बोलू लागले, आणि एकही जण शुद्ध बोलत नव्हता. तुमच्या फोटोसमोर.

मागून तुमच्या शेजारच्या म्हाताऱ्या काकींनी मोठ्याने विचारलं, "अगो बाय माजे! हिका कोणी शिकवल्यान?"

मी उत्तर देणार होते. त्याआधी माझ्या शेजारून आवाज आला. इतकी वर्षं मी ज्याच्याबरोबर संसार केला त्या माणसाचा, पण मी कधीच न ऐकलेला. सैल, खालच्या पट्टीतला.

"माज्या बापाशीन," समीर म्हणाला.